घरच्या सोयाबीनची जपानी शिदोरी : ‘इनारी-झुशी’ कशी करावी

सोयाबीन हें पीक महाराष्ट्रांत आतां नवें राहिलेलें नाहीं. राज्यांत त्याखालीं सुमारें पन्नास लाख हेक्टर जमीन असून लातूर, धाराशिव, हिंगोली, वाशीम, यवतमाळ अशा जिल्ह्यांत खरिपाचा विचार म्हणजे मुख्यतः सोयाबीनचाच विचार होऊन बसला आहे. प्रस्तुत लेखकाची सर्व नोकरी महसूल खात्यांतील कारकुनींत गेली. गांव नमुना बाराच्या ज्या रकान्यांत पूर्वीं ज्वारी, तूर, मूग, उडीद अशीं चार-पांच नांवें येत, तेथें हें एकच नांव हळूहळू कसें पसरत गेलें, तें त्यास कागदावर पाहावयास मिळालें. परंतु ज्या घरीं दरसाल वीस-वीस पोतीं सोयाबीन येतें, त्या घरच्या चुलीपर्यंत त्यांतला एक दाणाहि पोंचत नाहीं, ही गोष्ट कोणत्याच नमुन्यांत नोंदली जात नाहीं. ज्वारीस भाव नसला तर ती घरीं खातां येत असे. तुरीची डाळ घरींच भरडली जाई. सोयाबीनचें तसें नाहीं. मळणी झाली कीं तें अडत्याच्या दारीं, तेथून तेलाच्या कारखान्यांत, आणि मागें राहिलेली पेंड कोंबड्यांच्या खाद्यांत किंवा परदेशीं, असा त्याचा मार्ग ठरलेला आहे. त्यामुळें भाव पडला म्हणजे शेतकऱ्यास विकल्यावांचून गत्यंतर उरत नाहीं. २०२४-२५ च्या हंगामांत हमीभाव क्विंटलास ४,८९२ रुपये होता व पुष्कळ बाजारांत माल त्याहून कमी दरानें गेला, हें वाचकांस निराळें सांगावयास नको. २०२५-२६ साठीं तो ५,३२८ रुपये ठरला.

एक जपानी पदार्थ घरीं केल्यानें बाजारभाव सुधारेल, असें कोणी समजूं नये. परंतु जें आपण पिकवितों तें आपल्या पानांत वाढतां येतें कीं नाहीं, हा प्रश्न शेतकऱ्यानें एकदां तरी स्वतःच्या घरीं पडताळून पाहण्यासारखा आहे.

आतां हें जपानी प्रकरण परळांत कोठून निघालें तें सांगतों. परळ हें नांव आपल्या बहुतेक वाचकांस दोन कारणांनीं ठाऊक असतें. घरांतलें दुखणें हाताबाहेर गेलें कीं गांवचा माणूस परळास के. ई. एम. अथवा टाटा रुग्णालयांत येतो. आणि गुरांचे डॉक्टर जेथें तयार होतात तें १८८६ सालीं निघालेलें पशुवैद्यकीय महाविद्यालयहि येथेंच आहे. तिसरें कारण गिरण्यांचें होतें, तें आतां उरलें नाहीं. १९८२ च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या आणि लोअर परळास त्यांच्या आवारांत दुकानें, कचेऱ्या व उंची उपाहारगृहें उभीं राहिलीं. निवृत्तीनंतर मुलाकडे परळास राहावयास आल्यावर अशाच एका ठिकाणच्या खाद्यपत्रिकेंत ‘इनारी’ हें नांव लेखकाच्या वाचनांत आलें. चौकशी करतां कळलें कीं, ही सोयाबीनच्या पनीराची तळलेली पिशवी असून तिच्यांत आंबटगोड भात भरलेला असतो. म्हणजे पिशवी आपल्या शेतांतील, भातहि आपल्याच शेतांतील. आणि तीन लहान पिशव्यांचे जे पैसे तेथें मागतात, त्यांत बाजारभावानें पांच-सहा किलो सोयाबीन सहज यावें!

जपानची व ह्या भागाची ओळख तशी जुनी आहे. जमशेटजी टाटा ह्यांच्या खटपटीनें १८९३ सालीं निप्पॉन युसेन कैशा ह्या कंपनीच्या बोटी मुंबई व जपान ह्यांच्या दरम्यान सुरू झाल्या, आणि वऱ्हाड-खानदेशचा कापूस त्या मार्गें ओसाका-कोबेकडे जाऊं लागला. पुढें तिकडचें स्वस्त कापड येथें येऊन परळ-लालबागच्या गिरण्यांशीं चढाओढ करूं लागलें. ह्या देशानें परदेशी कापडावर जबर जकात बसविली, तेव्हां १९३३ सालीं जपानी गिरणीवाल्यांनीं हिंदी कापूस घेणें थांबविलें. त्याचा फटका अर्थात् कापूस पिकविणारासच बसला. १९३४ च्या करारानें अमुक इतका कापूस घेतल्यास अमुक इतकें कापड येऊं द्यावें, असा हिशेब जुळविण्यांत आला. परळपासून जवळच वरळीस निचिदात्सु फुजी ह्या जपानी भिक्षूंच्या पंथाचें बौद्ध मंदिर आहे. एवढी देवघेव झाली, परंतु स्वयंपाकाची देवघेव मात्र झाली नाहीं.

‘सुशी’ म्हटलें कीं कच्चा मासा, असा आपल्याकडे समज आहे. तो खरा नाहीं. सुशी म्हणजे शिरका, साखर व मीठ लावलेला भात. त्याबरोबर मासा असेल वा नसेल. समासांत पुढें आल्यावर त्याच शब्दाचा उच्चार ‘झुशी’ असा होतो. इनारी-झुशींत मासा नसतो.

इनारी हें भाताच्या पिकाचें रक्षण करणारें जपानी दैवत आहे. क्योतो शहरीं फुशिमी येथें त्याचें मुख्य देवस्थान असून त्याची स्थापना इ. स. ७११ सालीं झाली, अशी परंपरा सांगतात. फेब्रुवारीच्या सुमारास तेथें ‘हात्सुउमा’ नांवाचा सण होतो. त्या दिवशीं पीकपाण्यासाठीं प्रार्थना करितात व ह्या भरलेल्या पिशव्या खातात. इनारीचा दूत कोल्हा. कोल्हा शेतांतील उंदीर खातो म्हणून शेतकऱ्यानें त्यास मान दिला, असें त्याचें एक कारण सांगण्यांत येतें. आपण नागपंचमीस जें करितों त्याच्याच जातीचें हें आहे, हें वाचकांच्या ध्यानांत आलेंच असेल. ह्या कोल्ह्यास तळलेला टोफू फार प्रिय, अशी तेथील समजूत असल्यामुळें त्याच्या पिशवीस देवाचें नांव मिळालें. आणखी एक मौज अशी कीं, आइची प्रांतांतील तोयोकावा इनारी हें वस्तुतः बौद्ध मंदिर असून तेथें पांढऱ्या कोल्ह्यावर बसलेल्या ‘दाकिनी’ देवीची पूजा होते. ही देवी म्हणजे आपल्या इकडूनच बौद्ध धर्माबरोबर तिकडे गेलेली डाकिनी होय.

हा पदार्थ जुन्या काळीं श्रीमंतांचा नव्हता. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास कितागावा मोरिसादा नांवाच्या गृहस्थानें तत्कालीन चालीरीतींची मोठी नोंदवही लिहून ठेविली आहे. तींत, तळलेल्या टोफूची एक बाजू चिरून त्यांत अळंबीं वगैरे घातलेला भात भरतात व एदो शहरीं, म्हणजे आजच्या टोकियोंत, फेरीवाले तो कंदील घेऊन विकतात, सर्व सुशींत हीच स्वस्त, असें नमूद आहे. फेरीवाल्याची ही वस्तु परळच्या गिरणीच्या आवारांत येतांना उंची कशी झाली, ह्याचें उत्तर अर्थशास्त्र्यांनीं द्यावें. पूर्व जपानांत तिचा आकार भाताच्या गवती पोत्यासारखा लांबट, तर पश्चिमेस कोल्ह्याच्या कानासारखा त्रिकोणी. नाटकास जातांनाहि लोक ती बरोबर नेत. परळांत १९२२ सालीं दामोदर नाट्यगृह झालें, त्याच्या मध्यंतरांत बटाटेवड्याचें जें स्थान होतें तेंच तिचें तिकडे समजावें.

आपल्याकडे सोयाबीन खाण्याचे प्रयत्न पूर्वीं झालेच नाहींत, असें नव्हे. १९३५ सालीं वर्ध्यास मगनवाडींत गांधीजींनीं सोबत्यांच्या रोजच्या आहारांत सोयाबीन घालून पाहिलें व त्याविषयीं ‘हरिजन’मध्यें लिहिलें. बडोदें संस्थानांत फ. श्री. काळे ह्यांनीं १९३६ सालीं सोयाबीनची लागवड व पाककृति ह्यांवर इंग्रजींत मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. तरी तें घराघरांत रुळलें नाहीं. लेखकाच्या मतें त्याचें कारण इतकेंच कीं, आपण त्याची उसळ किंवा डाळ करूं गेलों. सोयाबीन मटकीसारखें शिजत नाहीं, त्यास एक उग्र हिरवट वास असतो, व कच्चें किंवा अर्धकच्चें राहिल्यास तें पचनास बाधतें. चीन-जपानच्या लोकांनीं तें अख्खें खाण्याचा आग्रह फारसा धरला नाहीं. दूध काढून, नासवून, दाबून, तळून खाल्लें. इनारी-झुशी करूं पाहणारास ही सर्व वाट एकाच पदार्थांत चालावी लागते, म्हणून तो येथें निवडला.

प्रथम बियांविषयीं एक महत्त्वाची सूचना. पेरणीसाठीं आणलेलें, बुरशीनाशक औषध चोळलेलें बियाणें उरलें म्हणून खाण्यास कदापि घेऊं नये. धुतल्यानें तें निर्धोक होत नाहीं. आपल्या खळ्यांतील स्वच्छ, न डागाळलेला, त्याच वर्षाचा दाणा घ्यावा. नेहमींचा जे. एस. ३३५ चालतो. वास नको असेल त्यांनीं इंदूरच्या सोयाबीन संशोधन संस्थेच्या खाण्यायोग्य जातींची चौकशी करावी. तिच्या एन. आर. सी. १२७ मध्यें पचनास अडथळा करणारा मुख्य घटक नाहीं, आणि एन. आर. सी. १४२ मध्यें त्याबरोबर हिरवट वास आणणारा एक घटकहि काढलेला आहे.

बारा पिशव्यांस ३०० ग्रॅम सोयाबीन पुरे. तें रात्रीं भरपूर पाण्यांत भिजत घालावें. थंडींत बारा तास, उन्हाळ्यांत आठ तास. दाणा दोन बोटांत दाबला असतां त्याचीं दलें सपाट व आंतून एकरंगी दिसलीं म्हणजे भिजला. पाणी फेंकून, नवें दोन लिटर पाणी थोडथोडें घालीत मिक्सरमध्यें किंवा पाट्यावर अगदीं गंधासारखें वाटावें. हें वाटण जाड बुडाच्या मोठ्या पातेल्यांत घालून ढवळीत उकळावें. तें दुधापेक्षांहि लबाड आहे. फेस एकाएकीं वर येतो, सबब पातेलें निम्मेंच भरावें व चुलीपासून हलूं नये. एक उकळी आली कीं आंच मंद करून दहा मिनिटें शिजूं द्यावें. नंतर पंचा किंवा मलमल चार पदरी करून गाळावें व पिळावें. खालीं आलें तें दूध. फडक्यांत राहिला तो चोथा. चोथा टाकूं नये, त्याचें पुढें सांगतों.

खाण्याच्या साध्या टोफूपेक्षां पिशवीच्या टोफूस एक निराळी युक्ति लागते. गरम दुधांत अर्धा लिटर थंड पाणी एकदम ओतावें. ह्यानें टोफू तळतांना चांगला फुगतो, असा जपानी कारागिरांचा अनुभव आहे व तो घरींहि पटला. दूध बोट क्षणभर टेकवेल न टेकवेल इतकें, म्हणजे सुमारें ७० अंशांवर आलें कीं नासवावें. जपानांत ह्यास ‘निगारी’ वापरतात. समुद्राच्या मिठाची रास लावून ठेवली असतां तिच्यांतून जें कडू पाणी पाझरतें तेंच तें. उरण किंवा भाईंदरकडील मिठागरें ज्यांनीं पाहिलीं आहेत त्यांस हें पाणी माहीत असेल. परंतु खाडीचें पाणी आतां स्वच्छ राहिलें नसल्यामुळें तें आणून वापरण्याचा मोह टाळावा. खाण्याच्या प्रतीचें मॅग्नेशियम क्लोराइड दोन चहाचे चमचे, एक पेला पाण्यांत विरघळवून, तीन वेळां विभागून हलक्या हातानें घालावें. तें न मिळाल्यास चार मोठे चमचे लिंबाचा रस चालतो. मात्र मग टोफूस किंचित् आंबट चव राहते. झांकून पंधरा मिनिटें ठेवतां दूध फाटून पिवळसर पाणी निराळें होतें. हा फाटलेला भाग चमच्यानें बारीक मोडावा, फडकें घातलेल्या चाळणींत किंवा भोंकाच्या डब्यांत ओतावा, व त्यावर दोन-तीन किलोंचें वजन पाऊण तास ठेवावें. वडी घट्ट झाली पाहिजे. लिबलिबीत वडीची पिशवी होत नाहीं.

वडीचे अर्ध्या बोटाहून किंचित् अधिक जाडीचे, पत्त्याच्या आकाराचे सहा तुकडे करावे. ते दोन फडक्यांमध्यें ठेवून वर पाटा ठेवावा आणि अर्धा तास पाणी शोषूं द्यावें. ही पायरी टाळल्यास तेल उडून हात भाजेल.

तळण दोन तावांत करावयाचें असतें, आणि सर्व हातोटी येथेंच आहे. दोन कढया असल्यास फार सोईचें. पहिलें तेल कोमट-गरम असावें, सुमारें ११० ते १२० अंश. कणकेची गोळी टाकतां ती तळाशीं जाऊन सावकाश वर आली म्हणजे बरोबर. त्यांत तुकडे आठ-दहा मिनिटें राहूं द्यावे, उलटीत राहावें. ते फुगून रुंद होतात. मग दुसऱ्या कडक तेलांत, जेथें कणकेची गोळी टाकतांच उसळून वर येते, तेथें सोनेरी होईपर्यंत तळावे. आधींच कडक तेलांत टाकले तर वरचें कवच घट्ट होतें व आंतील भाग फुगत नाहीं. करडईचें किंवा शेंगदाण्याचें तेल उत्तम. एखादा तुकडा नाहींच फुगला तर तो मधोमध कापून आंतला मऊ भाग चमच्यानें खरवडून काढावा. पिशवी तशीहि होते.

निवाल्यावर प्रत्येक तुकड्यावरून लाटणें हलकेंच फिरवावें, म्हणजे आंतील दोन पापुद्रे सुटतात. मग मधून आडवा कापून दोन पिशव्या कराव्या व बोटानें उघडाव्या. त्यांवर उकळतें पाणी ओतून जादा तेल काढून टाकावें. हें न केल्यास पुढील रस आंत शिरत नाहीं.

रसासाठीं दोन वाट्या पाणी, चार मोठे चमचे साखर किंवा किसलेला गूळ, व तीन मोठे चमचे सोया सॉस. जपानी घरांत ह्या पाण्यांत वाळविलेल्या माशाचा किंवा समुद्री शेवाळाचा काढा असतो. माळकरी घरांत सुकीं अळंबीं भिजविलेलें पाणी घ्यावें, चव चांगली येते. सोया सॉस आतां परळच्या प्रत्येक चायनीजच्या गाडीवर दिसतो, परंतु त्यांतील काळें खारें पाणी तेवढें सॉस नव्हे. बाटलीवर सोयाबीन, गहूं व मीठ हे जिन्नस लिहिलेले असून तो आंबवून केलेला असल्याचें नमूद असेल तोच घ्यावा. पिशव्या रसांत पसरून, वर पातेल्याच्या तोंडाहून लहान ताटली दाबून, मंद आंचेवर पंधरा मिनिटें रस आटत येईपर्यंत शिजवाव्या व त्याच पातेल्यांत निवूं द्याव्या. रात्रभर राहिल्यास अधिक मुरतात. गुळाची पिशवी साखरेच्या पिशवीहून काळपट होते, पण लेखकाच्या घरीं तीच सर्वांस अधिक आवडली.

भाताविषयीं शेतकऱ्यास काय सांगावें! तांदूळ चिकट पाहिजे एवढेंच ध्यानांत ठेवावें. कोलम किंवा बासमती येथें निरुपयोगी. त्याचा दाणा सुटा राहतो व गोळा धरीत नाहीं. मावळांतील वडगांवच्या संशोधन केंद्रांत आंबेमोहर १५७ व आय. आर. ८ ह्यांच्या संकरांतून निघालेला इंद्रायणी तांदूळ ह्या कामीं फार चांगला. त्याचा सुवास जपानी भातास नसतो. तो दोष मानावा कीं गुण, हें ज्याचें त्यानें ठरवावें. पाव किलो तांदूळ तीन-चार पाण्यांनीं धुऊन अर्धा तास भिजवावा. जुना असल्यास दीडपट पाणी, नवा असल्यास त्याहून कमी. भात गरम असतांनाच परातींत काढून त्यावर तीन मोठे चमचे शिरका, दीड मोठा चमचा साखर व पाऊण चहाचा चमचा मीठ ह्यांचें मिश्रण शिंपडावें, आणि उलथण्यानें कापल्यासारखें करीत मिसळावें, घोटूं नये. एकानें मिसळावें व दुसऱ्यानें पंख्यानें वारा घालावा, म्हणजे दाण्यास चकाकी येते. तांदळाचा शिरका नसल्यास उसाचा चालतो. गोव्याकडील माडाचाहि चालतो. भाजलेले तीळ दोन चमचे घालावे. गाजराचे बारीक तुकडे त्याच रसांत शिजवून घातल्यास मुलें आवडीनें खातात.

हात ओला करून लिंबाएवढा, किंचित् लांबट गोळा करावा, पिशवी हलकेंच पिळून तिच्यांत ठेवावा व तोंड खालीं दुमडावें. ठासून भरूं नये, पिशवी फाटते. ज्या गृहिणीस मोदकाची पारी सांभाळतां येते तिला हें काम अवघड वाटणार नाहीं. हा पदार्थ गारच खावयाचा असल्यामुळें शेतावर किंवा प्रवासांत नेण्यास सोईचा आहे. गिरणीच्या पाळीवर जाणाऱ्या माणसाच्या डब्यांत तो चपातीइतकाच शोभला असता. सकाळीं केलेला दुपारपर्यंत खावा. शिरक्यामुळें भात थोडा टिकतो हें खरें, परंतु कोंकणपट्टीच्या दमट हवेंत त्यावर भरंवसा ठेवून रात्रीपर्यंत ठेवूं नये. शीतकपाटांत भात कडक होतो. भरण्यापूर्वींच्या शिजविलेल्या पिशव्या मात्र तेथें दोन-तीन दिवस राहतात, तेव्हां एकदम दुप्पट करून ठेवण्यास हरकत नाहीं.

खर्चाचें पाहतां, ३०० ग्रॅम सोयाबीन हमीभावानें सोळा रुपयांचें होतें. तांदूळ, तेल, गूळ, सॉस व जळण धरूनहि बारा पिशव्यांचा खर्च परळांतील एका पिशवीच्या किंमतीच्या आसपास यावा. वेळ मात्र लागतो. भिजवण सोडून चार तास धरावे, आणि पहिल्या खेपेस त्याहून अधिक.

आतां चोथ्याविषयीं. ३०० ग्रॅम बियांचा ओला चोथा बियांच्या वजनाहून थोडा अधिकच निघतो व त्यांत बराचसा सकस अंश राहिलेला असतो. तो ज्वारीच्या पिठांत एकास दोन ह्या प्रमाणांत, कांदा, मिरची, कोथिंबीर घालून मळावा. थालिपीठें खुसखुशीत होतात. उरलेला गाईम्हशीस आंबोणांत द्यावा, पण त्याच दिवशीं, व प्रथम मूठभरच. ओला चोथा पावसाळ्यांत सहा तासांतच आंबूं लागतो आणि आंबलेला घातल्यास जनावराचें पोट बिघडतें. साठवावयाचाच असेल तर कडक उन्हांत पातळ पसरून, हातांत चुरला असतां पिठासारखा होईपर्यंत वाळवावा.